चिनी कार्टूनमधला बुद्ध आणि आपल्या मुलांचे प्रश्न

एका वाचक ताईंचे पत्र आले आहे. त्यांचा मुलगा सहावीत शिकतो. त्याने मोबाइलवर चिनी माकडाचा एक कार्टून सिनेमा पाहिला. त्यात आकाशाएवढा बुद्ध येतो आणि स्वर्गात बंड करणाऱ्या माकडाला तळहाताखाली दाबून डोंगरात कोंडतो, तेही थोडेथोडके नव्हे, पाचशे वर्षे! रात्री वंदना झाल्यावर पोराने विचारले, "आई, आपल्या बुद्धाने त्या माकडाला का कोंडले? ते तर राजाशी भांडत होते." ताई लिहितात, मला काही उत्तर सुचले नाही, घरातले म्हणाले, असले देव-राक्षसांचे सिनेमे बंदच करून टाका. तुम्ही काय म्हणता?

बंद करू नका, असे आम्ही म्हणतो. उलट मुलाच्या शेजारी बसून तुम्हीही पाहा. ज्या पोराला राजापेक्षा बंडखोर माकडाची बाजू खरी वाटली, त्याच्या घरातले संस्कार काही वाईट नाहीत. पण त्याला उत्तर द्यायचे तर ही गोष्ट आली कोठून हे आधी आपल्याला माहीत हवे.

मुलाने पाहिलेला सिनेमा बहुधा २०१५ सालचा 'मंकी किंग : हिरो इज बॅक' असावा. दिग्दर्शक तियान श्याओपेंग. त्याच्या मुळाशी सोळाव्या शतकातली 'पश्चिमेची यात्रा' ही शंभर प्रकरणांची चिनी कादंबरी आहे. वू चेंगएन हे तिचे लेखक मानले जातात. आणि कादंबरीच्याही मुळाशी एक खराखुरा माणूस आहे, भिक्खू ह्युएन त्संग. सातव्या शतकात हा माणूस वाळवंट तुडवीत भारतात आला, नालंदेला शीलभद्रांच्या हाताखाली शिकला आणि ६४५ साली साडेसहाशेहून अधिक ग्रंथ घेऊन चीनला परतला. तो आपल्या महाराष्ट्रातही येऊन गेला, तेव्हा येथे पुलकेशीचे राज्य होते. या मुलखात शंभराच्या आसपास विहार आणि पाच हजार भिक्खू असल्याची नोंद त्याने करून ठेवली आहे. म्हणजे ज्या प्रवासाची ही गोष्ट झाली, तो प्रवास आपल्या दारावरून गेला होता.

पुढे नऊशे वर्षे बाजारातल्या कथेकऱ्यांनी ही हकिगत फुलवली. भिक्खूच्या जोडीला माकड आले, डुक्कर आले, नदीतला राक्षस आला. चीनमध्ये बौद्ध धम्म, ताओ मत आणि गावोगावचे देव एकमेकांत मिसळले होते, ते सारे कादंबरीत उतरले. त्यातला स्वर्ग तर पाहण्यासारखा आहे. तो स्वर्ग म्हणजे सम्राटाची कचेरीच! खाती आहेत, हुद्दे आहेत, फायली आहेत. माकडाला, म्हणजे सुन वुकोंगला, शांत करण्यासाठी स्वर्गात नोकरी देतात. पदाचे नाव भारदस्त, 'बिमावेन'. काम घोडे सांभाळण्याचे. माकड खूश होऊन राबते. एक दिवस सहकाऱ्यांना विचारते, अहो, माझी श्रेणी कोणती? ते सांगतात, तुला श्रेणीच नाही, सगळ्यात खालच्यांच्याही खाली! माकड टेबल उलथून चालते होते. आमचा जन्म कारकुनीत गेला. नाव भारी, काम पडेल ते आणि श्रेणी शून्य, हे दुखणे काय असते ते आम्हांला कोणी समजावून सांगायला नको.

माकड सम्राटाला आवरत नाही, तेव्हा पश्चिमेकडून तथागताला बोलावतात आणि मग तो तळहात येतो. वाचकहो, हा बुद्ध सम्राटांच्या काळातल्या गोष्टीकाराने रंगवलेला आहे. सरकारला बंड मोडता येत नाही, म्हणून बाहेरून मागवलेला बडा अधिकारी! बाबासाहेबांच्या ग्रंथातला बुद्ध स्वर्गातल्या कोणत्याही दरबारात बसत नाही आणि कोणाच्या सिंहासनाचे रक्षण करीत नाही. मुलाला इतकेच सांगावे की हा गोष्टीतला बुद्ध आहे, कपिलवस्तूचा नव्हे.

पण त्याहून मोठी गंमत पुढेच आहे. चीनचा पहिला पूर्ण लांबीचा कार्टूनपट १९४१ साली शांघायमध्ये निघाला, 'लोखंडी पंख्याची राजकन्या'. युद्ध पेटलेले असताना वान बंधूंनी तो काढला. कथा याच कादंबरीतली. पण बैलराक्षसाला हरवायला गावकरी एकजुटीने उभे राहतात, हा भाग काळ पाहून रंगवलेला. त्यांपैकी वान लायमिंग यांनी पुढे 'स्वर्गात धुमाकूळ' केला. त्याचा पहिला भाग १९६१ चा, दुसरा १९६४ चा. रंगवलेले चेहरे, झांजांच्या तालावर उड्या, सगळा थाट तिकडच्या संगीत नाटकाचा. आणि शेवट काय? माकड भट्टीतून सुटते, सम्राटाचा महाल उधळते आणि विजयी होऊन आपल्या डोंगरावर परतते. तळहात नाही, डोंगराखालची कैद नाही, बुद्ध नाही. वान लायमिंग यांनी कादंबरीतले ते प्रकरण घेतलेच नाही! दोनच वर्षांनी सांस्कृतिक क्रांतीची वावटळ आली आणि हा सिनेमाही अडगळीत गेला. अशा काळात सम्राटाला आव्हान देणारे माकड कोणाला परवडते?

२०१५ मध्ये तळहात परत आला. मात्र या वेळी माकडाला सोडवतो एक अनाथ बालभिक्खू. माकड आता थकलेले आहे, शक्ती वापरू गेले की मनगटाची साखळी जाळते. एका लहान मुलाचा विश्वास त्याला पुन्हा उभे करतो. तर तळहात एकदा गेला आणि एकदा आला. ज्यांची गोष्ट आहे त्यांनीच ती आपल्या काळाप्रमाणे बदलली. पुराणातले एक अक्षर बदलले तरी आभाळ कोसळेल, असे आपल्याकडे पिढ्यान् पिढ्या सांगण्यात आले. त्या मानाने हे लोक बरेच मोकळे दिसतात. पत्र लिहिणाऱ्या ताईंनी मुलाला १९६४ चा सिनेमा जरूर दाखवावा आणि तळहात कोठे गेला, हे त्यालाच शोधू द्यावे.

आता नेझाविषयी, कारण आज जगभर बोलबाला त्याचा आहे. २०१९ साली 'नेझा' आला, त्याने पाचशे कोटी युआनचा धंदा केला. जानेवारी २०२५ मध्ये दुसरा भाग आला, तो दीड हजार कोटी युआनांच्याही पुढे गेला, म्हणजे दोनशे कोटी डॉलरांच्या वर. अमेरिकेच्या बड्या कंपन्यांचे सगळे कार्टूनपट त्याने कमाईत मागे टाकले. पण हा नेझा मुळात आपल्याकडचा, हे किती जणांना ठाऊक आहे?

आमच्या म्हणण्यावर विश्वास बसत नसेल तर मेइर शाहर या इस्राएलच्या अभ्यासकांनी २०१५ साली या विषयावर अख्खे पुस्तक लिहिले आहे. नेझा म्हणजे नलकूबर, कुबेराचा मुलगा. चिनी भिक्खूंनी बौद्ध ग्रंथांचे भाषांतर करताना हे नाव उच्चाराप्रमाणे उतरवले आणि ते झिजत झिजत नेझा झाले. बाप कुबेर, म्हणजे वैश्रवण. पालीत त्याला वेस्सवण म्हणतात. आटानाटिय सुत्तात चार महाराजांमध्ये उत्तर दिशेचा आणि यक्षांचा राजा म्हणून तो येतो. भरहुतच्या स्तूपाच्या कठड्यावर त्याची मूर्ती आहे, खाली 'कुपिरो यखो' असे नाव कोरलेले. हा वैश्रवण मध्य आशियातून चीनला गेला, तेव्हा त्याच्या हातावर एक लहानसा स्तूप होता. पुढे लोकांनी त्याला तांग काळातल्या ली जिंग नावाच्या खऱ्या सेनापतीशी एकरूप करून टाकले. अशा रीतीने यक्षांचा राजा चिनी सरदार झाला आणि त्याचा मुलगा चिनी पोर झाला. सिनेमात समुद्रातून एक राक्षस येतो, त्याला चिनीत 'येचा' म्हणतात. तोही आपला यक्षच.

सोळाव्या शतकातल्या 'देवांच्या नेमणुका' या कादंबरीत नेझाची कथा सविस्तर आहे. ती मोठी कठोर आहे. आईच्या पोटात साडेतीन वर्षे राहून मांसाचा गोळा जन्माला येतो. बाप तलवारीने तो कापतो, आतून मुलगा निघतो. पुढे त्याच्या हातून नागराजाचा मुलगा मरतो. चारही समुद्रांचे नागराज आईबापांवर चालून येतात. तेव्हा हे लेकरू आपले मांस आईला आणि हाडे बापाला परत देऊन टाकते, म्हणजे तुमचे देणे फिटले, आता माझ्या करणीचा दोष तुमच्यावर नको. गुरू त्याला कमळाचे नवे शरीर देतो. मग तो बापाचा सूड घ्यायला धावतो. त्याला आवरण्यासाठी बापाला एक मनोरा देतात. त्या मनोऱ्यात मुलाला कोंडून आग लावायची, तो शरण आला की सोडायचे. हा मनोरा म्हणजे वैश्रवणाच्या हातातला तोच स्तूप! आणि तो देणाऱ्याचे नाव रानदेंग, हे दीपंकर बुद्धाचेच चिनी नाव. ज्या स्तूपापुढे आपण फुले वाहतो, तो या कथेत बापाच्या हातातला आसूड झाला. हे वाचले तेव्हा आम्हांला वाईट वाटले, हे लपवीत नाही. धम्माची चिन्हे सत्तेच्या हाती गेली की त्यांचे काय होते, याचा दुसरा दाखला शोधायला नको.

सर्पकन्येच्या कथेतही तेच आहे. माणसावर प्रेम करणाऱ्या पांढऱ्या नागिणीला फाहाय नावाचा भिक्खू हांगझोऊच्या लेइफेंग मनोऱ्याखाली गाडतो. तो मनोरा ९७५ साली बांधलेला खरा मनोरा होता, १९२४ साली कोसळला. लू शुन या थोर लेखकाने त्यावर लेख लिहिला आणि मनोरा पडल्याचा आनंद लपवला नाही. आता तेथे २००२ चा नवा मनोरा आहे. या कथेवर २०१९ आणि २०२१ साली दोन मोठे कार्टूनपट आले. ते मोठ्या मुलांनी पाहावेत, लहानांसाठी नाहीत. भिक्खू खलनायक आहे म्हणून रागावण्याचे कारण नाही. चिवर घातलेला प्रत्येक माणूस आपोआप करुणावान होत नाही, हे सांगायला चिनी नागीण कशाला हवी?

असो, नेझाकडे वळू. १९७९ साली शांघायच्या स्टुडिओने त्याच्यावर सिनेमा काढला. त्यातला बाप ली जिंग नागराजांपुढे लाचार झालेला अधिकारी आहे. पुरात गाव बुडू नये म्हणून भर पावसात नेझा बापाच्याच तलवारीने स्वतःचा जीव देतो. हे दृश्य आम्ही पाहिले तेव्हा शेजारी बसलेली मुले आवाज न करता रडत होती. पुढे तो कमळातून उठतो आणि नागराजांना हरवतो. बापाशी समेट मात्र होत नाही.

२०१९ च्या सिनेमात दिग्दर्शक ज्याओझी यांनी कथेचा कणाच बदलला. येथे स्वर्गातून दोन अंश येतात, एक पवित्र मणी, दुसरा आसुरी गोळी. नेझाच्या वाट्याला मणी यायचा, पण अदलाबदल होते आणि तो आसुरी अंश घेऊन जन्मतो. पवित्र मणी मिळतो नागराजाच्या मुलाला, आओ बिंगला. नेझाने अजून काही केलेले नसते, तरी गाव ठरवून मोकळे होते की हे राक्षसाचे पोर आहे. त्याच्याशी खेळायचे नाही, त्याच्या सावलीला उभे राहायचे नाही. आईबाप त्याला घरात बांधून ठेवतात. एकदा तो एका लहान मुलीला समुद्रातल्या यक्षापासून वाचवायला जातो, तर लोक त्यालाच दोषी धरतात. तिसऱ्या वाढदिवशी आकाशातून वीज पडून हा मरणार, असेही जन्मतःच लिहिलेले. जन्मावरून शिक्का, शिक्क्यावरून शिक्षा! आपल्या घरात हे दृश्य पाहताना मुलांना वेगळे काही समजावण्याची गरज पडत नाही. आजी-आजोबा घरात असतील तर तेच बोलू लागतील.

आणि बाप? १९७९ मधला लाचार बाप येथे मुलाच्या वाट्याची वीज स्वतःवर घ्यायला निघतो. नेझाला हे कळते आणि तो बापाला मरू देत नाही. नशीब माझे मी ठरवीन, असे म्हणून तो आकाशाला भिडतो, आओ बिंग त्याला साथ देतो. आई यिनबाईही लक्षात राहते. ती लढवय्यी आहे, कामातून वेळ मिळत नाही, पण मिळाला की चिलखत घालून मुलाशी पायाने उडवायच्या पिसांच्या चेंडूने खेळते, कारण पोराची लाथ फार जोराची! पाळी करून येणाऱ्या आमच्या भगिनींना ती ओळखीची वाटेल.

एक गोष्ट आम्हांला खटकते, ती सांगतोच. गाव नेझापुढे वाकते, पण केव्हा? त्याने साऱ्या गावाचा जीव वाचवल्यावर. त्याने वाचवले नसते तर? दुबळा, साधा, कोणावर उपकार न करणारा नेझा असता, तर त्याला गावात खेळायला मिळाले असते काय? माणूस म्हणून वागवून घेण्यासाठी आधी पराक्रम गाजवावा लागावा, ही अट आमच्या मते अन्यायाचीच आहे. शाळेत पहिला आलेल्या आपल्या मुलाचे सगळे कौतुक करतात. पस्तीस टक्क्यांवाल्याला कोण घरात घेतो?

दुसऱ्या भागात याचे थोडे उत्तर आहे. तेथे स्वर्गातले पावन गुरूच उघडे पडतात. जे प्राणी तप करून माणसाच्या रूपाला येतात त्यांना चिनीत 'याओ' म्हणतात. वर पांढऱ्याशुभ्र महालात बसलेला अमर गुरू या याओंना पकडून कढईत घालतो आणि त्यांच्या गोळ्या करतो. शेन गोंगबाओ हा पहिल्या भागातला खलनायक, तोही जन्माने बिबट्या. पडेल ते काम केले, सारी विद्या शिकला, पण जन्मामुळे बारा श्रेष्ठींत जागा मिळाली नाही. बोलताना तो अडखळतो, पहिल्या भागात प्रेक्षक त्याला हसतात. दुसऱ्या भागात त्याचे म्हातारे वडील आणि धाकटा भाऊ दिसतात, भावाला मोठ्या भावाचा केवढा अभिमान! मग हसू येत नाही. गुणवत्तेच्या नावाने चालणाऱ्या दरवाजावर जन्माचा दाखला तपासला जातो, हे इतक्या स्पष्टपणे लहान मुलांच्या सिनेमात आम्ही यापूर्वी पाहिले नव्हते.

या ज्याओझींचीही हकिगत सांगण्याजोगी आहे. खरे नाव यांग यू. औषधशास्त्र शिकलेला मुलगा, ते सोडून संगणकावर चित्रे हलवायला बसला. साडेतीन वर्षे घरात बसून एकट्याने एक लघुपट केला. वडील वारलेले, घर चालत होते आईच्या तुटपुंज्या पेन्शनवर. शेजारपाजारचे काय बोलले असतील, ते आपण जाणतो. तोच माणूस पुढे 'नेझा' करतो. मात्र नाव एकट्याचे झाले तरी हात अनेकांचे लागले. दुसऱ्या भागावर १३८ कंपन्यांतल्या चार हजारांहून अधिक लोकांनी काम केले.

या राबणाऱ्यांची गोष्ट सांगणारा सिनेमाही आला आहे, आणि खरे सांगायचे तर आमचा जीव त्यातच जास्त गुंतला. २०२३ साली शांघायच्या त्याच जुन्या स्टुडिओने एक लघुपटमाला काढली. तिच्या पहिल्या भागात लांगलांग डोंगरावरच्या राक्षस-राजाकडे कामाला असलेले एक छोटे डुक्कर आहे. भिक्खू ह्युएन त्संग येणार, त्याला शिजवून खायचे, म्हणून तयारी चालू असते. डुकराला काम दिले जाते लाकडे आणायचे आणि भली मोठी कढई घासायचे. घासायला काही नाही, म्हणून ते स्वतःच्या पाठीच्या राठ केसांनी कढई घासते. घरी येते तेव्हा पाठ टकली झालेली असते. आईला ती दिसते.

त्यावरूनच ऑगस्ट २०२५ मध्ये पूर्ण सिनेमा आला. डुक्कर, बेडूक, बडबडे मुंगूसासारखे जनावर आणि लाजाळू गोरिला असे चौघे बिननावाचे याओ ठरवतात की आपणच भिक्खू आणि त्याचे शिष्य असल्याचे सोंग घेऊन पश्चिमेला जाऊ. बेडूक भिक्खू होतो. तोंडातून शब्द न फुटणारा गोरिला सुन वुकोंग होतो, बडबड्याला गप्प शिष्याची भूमिका मिळते! सोंग वठवता वठवता गावोगावी लोकांची खरीच मदत होऊ लागते. शेवटी एका खोट्या मंदिरात, बुद्धाचे सोंग घेऊन बसलेल्या बड्या राक्षसाच्या तावडीत लहान मुले सापडलेली असतात. चौघांना पळून जाता आले असते. ते पळत नाहीत. साऱ्या जन्माची कमाई, मिळवलेली सगळी विद्या त्या लढाईत खर्च होते आणि ते पुन्हा साधी, मुकी जनावरे होतात.

कोणी म्हणेल, यातही देव-राक्षसच आहेत, बाविस प्रतिज्ञा घेतलेल्यांनी हे कशाला पाहायचे? आमचे म्हणणे असे की गोष्टीला हात जोडायचे नाहीत, तिला प्रश्न विचारायचे. सहावीतल्या मुलाने तेच केले आहे.

काही सूचना. 'स्वर्गात धुमाकूळ' पाच-सहा वर्षांच्या मुलांपासून सर्वांना चालेल. १९७९ च्या नेझात मुलगा स्वतःला मारतो, म्हणून दहाच्या खालच्या मुलांना तो एकटे पाहू देऊ नका, आणि दृश्य संपल्यावर मुलाशी बोला. २०२५ च्या नेझात मारामारी फार आणि लांबी सव्वादोन तासांच्या वर, लहानगे कंटाळतील. कढई घासणाऱ्या डुकराचा सिनेमा मात्र आजी-आजोबांसकट बसून पाहावा. विहारात रविवारी मुलांसाठी दाखवणार असाल तर एकाने अर्ध्या तासाला थांबवून मराठीत कथा सांगावी, खालची इंग्रजी अक्षरे मुलांना भराभर वाचता येत नाहीत. पडदा नसेल तर धुतलेली पांढरी चादर भिंतीला ताणून लावली तरी चालते.

मुलांनी विचारलेले प्रश्न आम्हांला पोस्टकार्डावर कळवावेत, पुढील अंकी घेऊ.